कनाझावाचं उजवीकडचं दार

१

पितळेची डबी नीताने माझ्यासमोरच उघडली, म्हणून मी या प्रकरणात पहिल्यापासून आहे. डबीत कापूस होता. कापसात दोन कुड्यांचे दोन खळगे जसेच्या तसे होते. कुड्या नव्हत्या.

नोव्हेंबर २०१६ मधला गुरुवार होता तो. नीता आणि प्रकाश आदल्या दिवशी जपानहून परतले होते आणि खाऊ द्यायला म्हणून मला त्यांच्या सिंगापूरमधल्या ईस्ट कोस्टच्या फ्लॅटवर बोलावलं होतं. प्रकाश जुरोंग आयलंडवर वीस वर्षं नोकरी करून निवृत्त झालेला, अबोल आणि टापटिपीचा. त्याची धाकटी बहीण विनीता पुण्याहून आली होती, तीही त्यांच्याबरोबर जपान पाहून आली. तिघांचीच सहल. नारा, कनाझावा, क्योटो, पाच दिवस. बरोबर मराठी बोलणारी स्वतंत्र गाइड.

कुड्या प्रकाशच्या आईच्या. सात-सात मोत्यांच्या, जुन्या घडणीच्या. आई वारल्यानंतर अडतीस वर्षं नीताच्या कानात मी त्याच कुड्या पाहत आले.

नीता खुर्चीत बसली आणि तिने दिवसांची उजळणी केली. नाऱ्याला कुड्या कानात होत्या. कनाझावाला जुन्या पद्धतीच्या लाकडी पाहुणघरात उतरले, त्याला तिकडे र्योकान म्हणतात. तिथे गरम पाण्याच्या कुंडात उतरायच्या आधी त्या काढून डबीत ठेवल्या आणि डबी पोटाला बांधायच्या पिशवीत. पुढे क्योटोला गर्दी फार असते म्हणून गाइडनेच सांगितलं, काकू, दागिने नका घालू. म्हणून डबी पुन्हा उघडलीच नाही. पिशवी झोपतानाही पोटाशीच होती.

"म्हणजे पिशवी अंगावेगळी झाली ती एकदाच," मी म्हटलं.

"एकदाच. कनाझावाला, अंघोळीच्या वेळी. खोलीत ठेवून गेलो आम्ही दोघी. आणि त्या रात्री सबंध र्योकानमध्ये आम्हीच होतो, काकू. दुसरं कुणी नाही." बोलता बोलता ती थांबली आणि तिने फोन उचलला. "थांबा. एक फोटो आहे."

अंघोळीनंतर काठीला फोन लावून तिने तिघांचा फोटो काढला होता. निळ्या-पांढऱ्या सुती झग्यांमध्ये तिघं बैठकीच्या दालनात उभे, चेहरे लाल झालेले. मागे एक अरुंद बोळ आणि बोळाच्या दोन्ही बाजूंना एकेक, एकसारखी सरकती कागदी दारं. त्यांतल्या उजव्या दारातून हातात ट्रे घेऊन गाइड बाहेर येत होती.

"उजवीकडची खोली आम्हां दोघींची," नीता म्हणाली.

ती गाइड म्हणजे अनुया. माझ्या मरीन परेडच्या फ्लॅटमधली एक खोली तिच्याकडे आहे. नीताला तिचं नाव मीच सुचवलं होतं.

२

शुक्रवारी दुपारपर्यंत गोष्ट अनुयाच्या ऑफिसात पोचली. सेरंगून रोडवर संजीव नावाच्या गृहस्थाची लहानशी ट्रॅव्हल एजन्सी आहे. नीताने त्याला फोन केला. तो म्हणाला, सोमवारी बारापर्यंत लेखी द्या. अनुयाचा कामाचा पास, म्हणजे इथे नोकरी करायचा परवाना, डिसेंबरात संपत होता. चोरीची लेखी तक्रार फाइलला लागली तर पास वाढवायला आपण अर्ज करणार नाही, हेही त्याने अनुयाला बोलावून सांगितलं. म्हणजे महिन्याभरात सामान बांधून पुण्याला, आणि तिथल्या कुठल्या एजन्सीने विचारलं तर सिंगापूरहून का आलीस याचं उत्तर तयार ठेवायचं.

पुण्यात पेठेतल्या एका खोलीत बसून सात वर्षं जपानी शिकलेली मुलगी. संध्याकाळी ती माझ्या स्वयंपाकघरात उभी राहून भेंडी चिरत होती, आणि भेंडीचे तुकडे अगदी एकसारखे पडत होते. मला त्याचीच काळजी वाटली.

मी तिला बसवून सगळं पहिल्यापासून सांगायला लावलं. तिने सांगितलं ते असं. दोघी काकू मागच्या बाजूच्या बायकांच्या कुंडाकडे गेल्या. घरमालकीण, ऐंशीच्या पुढची म्हातारी, त्यांच्या मदतीला गेली. काका पुरुषांच्या कुंडाकडे. अनुया स्वयंपाकघरात बसून क्योटोच्या गाडीचं बघत होती. पाऊण तासाने काकूंचे आवाज ऐकू आले, तेव्हा चहाचे कप उचलून आणावेत म्हणून ती उठली.

"कुठल्या खोलीतून?"

"काकांच्या. डावीकडच्या. काकूंच्या खोलीत मी पाऊलसुद्धा टाकलं नाही, आजी."

"प्रकाश काय म्हणतो?"

"म्हणतात, आठवत नाही. तसेही ते खोलीत नव्हतेच. मी चहा ठेवला होता, तो तसाच होता, गार. ओला टॉवेल मात्र दांडीवर नीट घडी करून टाकलेला. मी ट्रे उचलला आणि निघाले."

"मग फोटोत तू उजव्या दारात कशी?"

तिने भेंडीने चिकट झालेला हात फडक्याला पुसला. मग म्हणाली, "तेच मला कळत नाहीये. दुपारपासून मी स्वतःलाच विचारतेय, मी चुकून तिकडे गेले होते का?"

खरं सांगायचं तर त्या क्षणी माझाही विश्वास हलला.

३

शनिवारी सकाळी मी पुन्हा ईस्ट कोस्टला गेले. प्रकाश खाली चालायला गेला होता. नीता त्याच्यावर चिडलेली होती, कारण पोलिसांचं नाव काढलं की तो म्हणायचा, नको, गेल्या त्या गेल्या. इतकी वर्षं जो माणूस घराचं कुलूप दोनदा ओढून पाहिल्याशिवाय जिना उतरला नाही, तो असं म्हणतो, याचा तिला राग होता.

विनीता बाल्कनीत केस वाळवत बसली होती. रविवारी रात्री तिचं विमान होतं. तिच्याशी बोलायला मला आवडतं, ती शाळेत शिकवायची, त्यामुळे सांगते ते क्रमाने सांगते. नाऱ्याची हरणं तिने मला वाकून दाखवली, ती खायला मागताना मान कशी झुकवतात ते. कुंडाची गोष्ट तर तिने दोनदा सांगितली. तिथे अंगावर काही घालून उतरायचं नसतं. या दोघी परकर छातीशी धरून पंधरा मिनिटं नुसत्या लाकडी चौरंगांवर बसल्या होत्या. शेवटी म्हातारीने पाठ फिरवली आणि भिंतीकडे तोंड करून गाणं म्हणायला लागली, तेव्हा कुठे उतरल्या.

"आणि वहिनी पाण्यात शिरल्यावर म्हणते, आता निघायचंच नाही." विनीता हसली. "शेवटी म्हातारीनेच बाहेर काढलं आणि लहान पोरींना घालावेत तसे ते झगे घातले. युकाता म्हणतात. मी माझा बांधत होते तर तिने सोडून परत बांधला."

म्हणजे दोघी एकमेकींच्या नजरेसमोर होत्या, आणि म्हातारी दोघींच्या. मी कुड्यांचा विषय काढला. विनीताने कंगवा केसांत तसाच ठेवला. मग म्हणाली की कनाझावाच्या गाडीत ती वहिनीला म्हणाली होती, तुझ्या कानांनाच आईच्या कानांचा आकार आलाय. आणि मग म्हणाली होती, माझ्याकडे आईचं म्हणून एक उलथनंसुद्धा नाही.

"चेष्टेत म्हणाले हो. दादा खिडकीबाहेर बघत होता. वहिनी झोपेत होती निम्मी." तिने केसांतला कंगवा काढला. "आता तीच वहिनी माझ्याकडे कशी बघते, ते तुम्ही पाहिलंत ना?"

मी पाहिलं होतं.

तेवढ्यात आतून नीताचा आवाज आला. तिची बारा वर्षांची नात अवनी शनिवारची आली होती आणि आजीच्या फोनवर तोच फोटो पाहत होती.

"आजी, हा ड्रेस उलटा आहे. आमच्या टीचरने सांगितलं, डावी बाजू वर पाहिजे. अशी उजवी वर फक्त डेड लोकांना करतात लाह," ती म्हणाली, इथल्या पोरांसारखं वाक्याला लाहचं शेपूट लावून.

नीता तिच्या खांद्यावरून फोनवर वाकली. तिघांच्याही अंगावर उजवी बाजू वर होती. परवाच तर विनीता जिन्यात घसरून पाय मुरगळून आली होती. आता तक्रारीत हेही लिहायचं, ती म्हणाली. पाहुण्यांना प्रेतासारखं नेसवणारी गाइड!

"तुम्हांला नेसवलं कुणी?" मी विचारलं.

"शिकवलं त्या अनुयानेच ना, पहिल्या दिवशी."

"अंघोळीनंतर कुणी नेसवलं, नीता?"

"म्हातारीने," ती म्हणाली, आणि माझ्याकडे पाहत राहिली.

ऐंशी वर्षं तोच कपडा घालणारी बाई दोघींना तो उलटा कसा घालेल? आणि प्रकाश तर तिच्या हाताखालून गेलाच नव्हता, तरी तोही उलटा?

मी म्हटलं, "अवनी, तो फोन इकडे दे."

४

मी १९७१ साली लग्न होऊन इथे आले तेव्हा बंदरावर पोरं बोटीच्या दोरांवरून उड्या मारायची आणि मराठी घरं हाताच्या बोटांवर मोजता यायची. यांची नोकरी गोदीत. मी सेरंगून रोडवरच्या एका फोटो स्टुडिओत लागले आणि अठ्ठावीस वर्षं अंधाऱ्या खोलीत फोटो धुतले. खलाशांचे पासचे फोटो, नवऱ्या मुलींचे फोटो, चिनी नववर्षाच्या तिसऱ्या दिवशी दुकान उघडणाऱ्या शेजाऱ्यांचे फोटो. निगेटिव्ह चुकून उलटी बसली की छापलेला माणूस उलटा निघतो. भांग दुसऱ्या बाजूला, शर्टाची बटणं बायकांसारखी. मालक दोनदा ओरडला, तिसऱ्यांदा तशी चूक माझ्या हातून झाली नाही.

पण त्यातली एक गंमत मी तेव्हाच पाहिली होती. उलटा फोटो घरच्यांना खटकतो, ज्याचा त्याला नाही. माणूस स्वतःला रोज आरशातच बघतो. त्याला तोच चेहरा खरा वाटतो.

मी विनीताला बोलावलं. तिच्या डाव्या गालावर चामखीळ आहे. फोटोत ती उजव्या गालावर होती.

"अग बाई," विनीता म्हणाली. "मी म्हणत होते, यात मी बरी का दिसते."

मी नीताच्या हातात त्या दिवसाचं वर्तमानपत्र दिलं आणि तिच्याच फोनने, समोरच्या कॅमेऱ्याने, तिचा फोटो काढायला लावला. काढून उघडला तर वर्तमानपत्रातली सगळी अक्षरं उलटी. अवनीने सांगितलं की काही फोन असं करतात, आरशात दिसतं तसंच ठेवून देतात. सेटिंग बदलायला दोन सेकंद लागतात म्हणे.

"म्हणजे हे झगे बरोबर नेसवलेले आहेत," मी म्हटलं. "आणि अनुया उजव्या दारातून नाही, डाव्या दारातून येतेय. प्रकाशच्या खोलीतून. ती पहिल्यापासून तेच सांगत होती."

नीता हुशार बाई आहे. ती फोटोकडे पाहत राहिली आणि शांतपणे म्हणाली, "असेल. पण त्या आधी पाऊण तास ती एकटीच घरात होती, काकू. आमच्या खोलीत आधी जाऊन आली नसेल कशावरून?"

फोटो एका क्षणाचा असतो. माझ्या बाजूने होता तोही एवढाच क्षण.

सोमवारी बारापर्यंत लेखी द्यायचं होतं आणि नीताने कागद काढला.

५

घरी येताना मी बसने दोन स्टॉप पुढे गेले, लक्षच नव्हतं. अनुया एकटीच घरात होती, हे नीता म्हणाली. पण ते खरं होतं का?

प्रकाशच्या खोलीत ओला टॉवेल होता, घडी करून टाकलेला. म्हणजे प्रकाश अंघोळ उरकून खोलीत येऊन गेला होता. पुरुषाला कितीसा वेळ लागतो? पण चहा न पिता तो तिथे नव्हता. कुंडाकडे परत जायला टॉवेल लागला असता. स्वयंपाकघरात अनुया होती, तिथे तो नव्हता. विनीताला मी घरी पोचताच फोन करून विचारलं. दोघी दालनात आल्या तेव्हा तिथे कुणी नव्हतं. दादा मागून आला, वहिनी काठी लावत असताना.

मागून म्हणजे बोळातून. बोळात दोनच दारं, आणि त्यांतल्या डावीकडच्या आत तेव्हा अनुया कप उचलत होती.

जिची पाठराखण करणं एका वाक्याचं काम होतं, त्या मुलीबद्दल प्रकाश म्हणाला होता, आठवत नाही. कारण ती माझ्या खोलीत आली होती असं म्हटलं, तर पुढचा प्रश्न येणार होता. मग तुम्ही कुठे होतात?

रविवारी सकाळी सातला मी ईस्ट कोस्टच्या बागेत गेले. प्रकाश रोज ज्या बाकावर बसून बूट बांधतो, तिथे बसले. समोर जहाजं नेहमीसारखी रांगेत उभी होती. तो आला, मला पाहिलं आणि शेजारी बसला. मी त्याला टॉवेलचं सांगितलं, चहाचं सांगितलं.

मग त्याने खिशातून चष्म्याचं घर काढून माझ्या मांडीवर ठेवलं. आत मऊ फडक्यात कुड्या होत्या.

"आईने शेवटच्या आठवड्यात मला सांगितलं होतं, या विनूला दे," तो म्हणाला. "मी सिंगापूरला परत आलो. नीता नवीन होती, आई तिला कधी नीट बोलली नव्हती. मी तिला म्हटलं, आईने तुझ्यासाठी ठेवल्यात. ती रडली, काकू. मग परत कसं घेणार?"

"अडतीस वर्षं?"

"दर वर्षी वाटायचं, पुढच्या वर्षी सांगू. त्या गाडीत विनू उलथन्याचं म्हणाली. आज तिच्या बॅगेत ठेवणार होतो, एअरपोर्टवर. पुण्यात गेल्यावर फोनवर सांगितलं असतं."

"आणि अनुया?"

त्याने बूट बांधायला नाडी धरली आणि सोडून दिली. म्हणाला, हरवल्या म्हणून नीता दोन दिवस हळहळेल आणि विसरेल, असं वाटलं होतं. फोटो निघेल असं वाटलं नव्हतं. नंतर रोज सकाळी ठरवायचं आणि रोज संध्याकाळ व्हायची.

"तिला घालवलं असतं रे त्यांनी."

"हो," तो म्हणाला. एवढंच.

मी चष्म्याचं घर त्याला परत दिलं. म्हटलं, तू सांगतोस का मी सांगू? तो उठला. बूट बांधायचे राहिले होते, नाडी तशीच लोंबत होती.

६

घरात काय झालं ते मी पाहिलं नाही. नंतर विनीताने सांगितलं तेवढंच. नीता आधी ओरडली नाही. तिने विचारलं, सासूबाईंनी माझं नावसुद्धा काढलं नव्हतं का? प्रकाश नाही म्हणाला. मग ती आत गेली, डबी घेऊन आली, कुड्या कापसात ठेवल्या आणि डबी विनीताच्या हातात दिली. विनीता म्हणाली, वहिनी, राहू देत. नीता म्हणाली, "तुझ्यासाठी नाही देत. खोटं सांगून दिलेलं मला कानात घालवणार नाही आता." विनीता रात्री डबी घेऊनच विमानात बसली. निघताना दोघी एकमेकींना धरून खूप वेळ उभ्या होत्या, आणि प्रकाश ट्रॉली धरून.

सोमवारी अकराला आम्ही सेरंगून रोडला गेलो. नीताने तक्रारीचा कागद फाडून टाकला होता, पण तिचा हट्ट होता की नुसतं तक्रार नाही म्हणून चालणार नाही. काय झालं ते प्रकाशने स्वतःच्या हाताने लिहून द्यायचं. माझा जुना स्टुडिओ होता तिथून चार दुकानं पुढे ही एजन्सी. स्टुडिओच्या जागी आता मोबाइलची कव्हरं मिळतात.

संजीवने आम्हांला बसवलं, अनुयाला बोलावलं. प्रकाशने घरून लिहून आणलेलं पत्र टेबलावर ठेवलं. इंग्रजीत, टाइप केलेलं, खाली सही. संजीवने वाचलं, सुटकेचा निःश्वास टाकला आणि म्हणाला, चला, मिटलं. फाइलला लावतो. पासचा अर्ज आजच करू.

"मी बघू का?" अनुया म्हणाली.

तिने पत्र उभ्यानेच वाचलं. परत एकदा वाचलं. प्रकाश खाली मान घालून बसला होता. मला वाटलं ती रडेल, किंवा जाऊ द्या काका म्हणेल. पुण्याची सुशिक्षित मुलगी, वडीलधाऱ्या माणसाला दुसरं काय म्हणणार?

तिने पत्र त्याच्यासमोर ठेवलं आणि एका ओळीवर बोट टेकवलं.

"काका, इथे तुम्ही मिसअंडरस्टँडिंग लिहिलंय. मिसअंडरस्टँडिंगमुळे माझ्यावर संशय आला."

"हो," प्रकाश म्हणाला.

"मिसअंडरस्टँडिंग काकूंचं होतं. संजीव सरांचं होतं. फोटो बघून माझंसुद्धा होतं." तिचा आवाज अगदी साधा होता, ती मंदिराची माहिती सांगते तसा. "तुमचं नव्हतं. तुम्हांला माहीत होतं."

संजीव म्हणाला, अगं, एका शब्दाने काय फरक पडतो. नीता त्याच्याकडे वळून म्हणाली, "पडतो."

प्रकाशने चष्मा काढला, पुसला, परत घातला. मग त्याने संजीवकडे कोरा कागद मागितला. त्याचं अक्षर अजून इंजिनियरचं आहे, सुटं आणि सरळ. पहिल्या ओळीपासून त्याने सगळं पुन्हा लिहिलं. बायकांच्या खोलीत मी गेलो होतो. डबी मी उघडली. अनुया माझ्या खोलीत कप न्यायला आली होती हे मला माहीत होतं आणि तिच्यावर आळ आला तेव्हा मी ते सांगितलं नाही. शेवटच्या वाक्याशी त्याचा हात थांबला. नीता त्याच्या शेजारी बसून होती, तिने त्याच्याकडे पाहिलं नाही. त्याने ते वाक्य पुरं केलं आणि सही केली.

अनुयाने कागद उचलला, वाचला आणि आतल्या मशीनवर त्याची एक प्रत काढून आणली. मूळ कागद तिने संजीवला दिला, प्रत घडी करून स्वतःच्या पर्समध्ये ठेवली.

"थँक यू, काका," ती म्हणाली. मग घड्याळ पाहून संजीवला विचारलं, गुरुवारच्या ग्रुपमध्ये दोघं जैन आहेत, त्यांच्या जेवणाचं क्योटोला कळवलंय का?